तिसरीतला मुलगा, तोंडी सगळं येतं, लिहिताना अडतो

डोंबिवलीकर_आई:
मुलगा मराठी माध्यमात, नववं चालू आहे. कुठली लोकल कुठल्या फलाटावर येते, सगळं तोंडपाठ. पण लिहायला बसला की तासाभरात चार ओळी. 'किरण'चं 'करिण', 'घर'चं 'धर', आणि सत्तावीस सांगितलं की ७२! बाई म्हणतात, आळशी आहे. सासूबाई म्हणतात, याचा बापही असाच होता. परवा मी चिडून वही फेकली. तो काही बोलला नाही. वही उचलून आणली आणि मुडपलेली पानं सरळ करत बसला. तेव्हापासून मला काही सुचत नाहीये.

खडूपेटी:
मी विशेष शिक्षिका आहे. आधी डोळे आणि कान तपासून घ्या, हे बरेच जण विसरतात.
'करिण'चं म्हणाल तर त्याने ऐकलं तसंच लिहिलंय. आधी क, मग इ, मग र. पहिली वेलांटी बोलताना अक्षरानंतर येते, लिहिताना आधी. पहिलीत सगळीच मुलं इथे घसरतात. तिसरीतही रोज घसरत असेल तर अध्ययन अक्षमतेची, म्हणजे बुद्धी चांगली असूनही वाचन, लेखन किंवा गणित अडतं त्याची, तपासणी करा. बुद्ध्यांक चाचणी होते, शिवाय वाचन, लेखन, गणित वेगळं पाहतात. आठ पूर्ण आहेत, म्हणजे प्रमाणपत्रही मिळू शकतं. मुंबईत शीव, नायर, केईएम रुग्णालयांत होतं. एका फेरीत काम होत नाही, डबा घेऊन जा. २०१६च्या दिव्यांग कायद्यात ही अक्षमता आहे, दहावीला जादा वेळ आणि लेखनिक मिळतो.
तोवर 'दहा वेळा लिही' बंद. ताटात रवा पसरा, बोटाने मोठं अक्षर काढू दे, काढताना मोठ्याने म्हणू दे. दहा मिनिटं पुरे.

साताऱ्याचा_बाबा:
२०१९ला बालभारतीने दुसरीच्या गणितात 'वीस सात' आणलं, तेव्हा व्हॉट्सॲपवर विनोद ढकलणाऱ्यांत मीही होतो. पुढे लेकीचं निदान झालं. सत्तावीसमध्ये सात आधी ऐकू येतो, म्हणून ती सात आधी लिहायची. आता मनात 'वीस सात' म्हणते आणि बरोबर लिहिते. आणि सासूबाईंचं हसण्यावारी नेऊ नका. हे घराण्यात असू शकतं, तपासणीत विचारतात.

डोंबिवलीकर_आई:
यांना विचारलं. म्हणाले, मला अजून बँकेचा फॉर्म भरायला घाम फुटतो. बारा वर्षांच्या संसारात पहिल्यांदा कळलं.
बुधवारची रजा टाकलीय. काल रव्यात 'कि' काढून दाखवला. चिरंजीव म्हणाले, "आधी इ काढायचा होता? मग आधी इ म्हणायचं ना!"