मदत हवी आहे: पास असूनही वाळूचा डंपर जप्त, आव्हान कुठे द्यायचं?

प्रश्न: गुजरातमधली रॉयल्टी भरलेली वाळू, सोबत तिथला वाहतुकीचा पास आणि महाराष्ट्राच्या महाखनिज पोर्टलचा शून्य रॉयल्टी पास (बाहेरच्या राज्यात रॉयल्टी भरलेल्या मालासाठीचा). जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश आहे की संध्याकाळी ६ ते सकाळी ६ गौण खनिजाची (वाळू, मुरूम वगैरे) वाहतूक बंद. रात्री ८ वाजता तलाठ्यांनी डंपर अडवून तहसीलच्या आवारात लावला. आज चौथा दिवस. सरळ हायकोर्टात रिट (सरकारी कारवाईविरुद्धची याचिका) करावी का?

प्रतिसाद १: जप्ती आणि रात्रबंदीचा आदेश, ही दोन भांडणं वेगळी ठेवा. एकाच अर्जात कोंबली की पहिला प्रश्न येतो, अपील का केलं नाही?

आधी जप्ती. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ चं कलम ४८(८) बघा. जप्तीचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदारापेक्षा कमी दर्जा नसलेल्या अधिकाऱ्याला आहे, म्हणून पंचनाम्यावर सही कोणाची ते तपासा. जप्त गाडी ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा प्राधिकृत उपजिल्हाधिकाऱ्यापुढे हजर करावी लागते. दंड आणि जातमुचलका (मालकाचं स्वतःचं हमीपत्र) घेऊन ती सोडण्याचा अधिकारही त्यांचाच. चार दिवस गाडी नुसती उभी असेल तर हाच तुमचा सगळ्यात ठोस मुद्दा. आजच उपजिल्हाधिकाऱ्यांकडे गाडी सोडण्याचा लेखी अर्ज द्या, पोच घ्या.

पंचनाम्यातलं माप नीट वाचा. १ ब्रास म्हणजे १०० घनफूट. हौदा १४ × ७.५ फूट आणि माल ४ फूट असेल तर ४.२ ब्रास. पण फळीची पूर्ण ५ फूट उंची धरली की तोच माल ५.२५ ब्रास होतो आणि पासपेक्षा जास्त माल दिसतो. कलम ४८(७) खाली दंड बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत जातो, त्यामुळे हा एक फूट फार महाग पडतो. चार कोपरे आणि मध्य अशी पाच ठिकाणी उंची मोजून फेरमोजणी मागा, माल खाली करण्याआधीच.

आता आदेश. त्याच्या डोक्यावर कलम कोणतं लिहिलंय? मोटार वाहन अधिनियमाचं ११५ असेल आणि बंदी महिन्याहून जास्त असेल तर राजपत्रात अधिसूचना हवी. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १६३ असेल तर दोन महिन्यांची मर्यादा, पुढची मुदतवाढ फक्त राज्य सरकारकडून.

गुजरातने राज्याबाहेर वाळू नेण्यावर घातलेली बंदी सुप्रीम कोर्टाने २०१९ मध्ये अवैध ठरवली. खाण आणि खनिज (विकास व विनियमन) अधिनियमाचं कलम २३सी बेकायदा उत्खनन आणि वाहतूक रोखण्यासाठी आहे, कायदेशीर काढलेला माल अडवण्यासाठी नाही, हा त्यातला गाभा. मात्र ती सरसकट बंदी होती. वेळेच्या निर्बंधावर हा निकाल जसाच्या तसा चालेल असं धरून चालू नका.

प्रश्नकर्ता: टायर फुटल्यामुळे पासची मुदतही तासभर आधी संपली होती. दंड भरून गाडी सोडवू का?

प्रतिसाद २: मुदत संपलेला पास ही तुमची कमजोर बाजू, ती लपवू नका. जीपीएसची नोंद, फास्टॅगच्या वेळा, टायरचं बिल जोडा. दंड भरायचाच असेल तर चलनासोबत ‘हक्क राखून, निषेधासह’ असं पत्र द्या, नाहीतर ती कबुली समजली जाऊ शकते.

दंडाच्या आदेशावर कलम २४७ खाली ६० दिवसांत अपील. तहसीलदारांचा आदेश असेल तर प्रांतांकडे (उपविभागीय अधिकारी), उपजिल्हाधिकाऱ्यांचा असेल तर जिल्हाधिकाऱ्यांकडे. नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही, स्थगितीचा वेगळा अर्ज त्याच दिवशी लावा.

रिट करायची तर ती रात्रबंदीच्या आदेशावर आणि ४८ तास उलटून गेलेल्या ताब्यावर. अधिकार नसताना किंवा म्हणणं न ऐकता झालेली कारवाई असेल तर पर्यायी उपाय असूनही रिट चालते, हे सुप्रीम कोर्टाच्या १९९८ च्या व्हर्लपूल निकालात आहे. अंतरिम मागणी एकच ठेवा: जातमुचलक्यावर गाडी सोडा.