फ्रेंच संगीतकारांची चरित्रे : स्टाफ नोटेशन न येणाऱ्याने कोणते पुस्तक आधी घ्यावे?

प्रश्न : सोलापूरचा एक श्रोता

नमस्कार. मी सोलापुरात राहतो, हुतात्मा स्मृती मंदिरातल्या मैफलींना शक्यतो चुकवत नाही आणि तबल्याचे थोडेफार शिक्षण झालेले आहे. राव्हेलच्या ‘बोलेरो’मुळे मी फ्रेंच संगीताकडे वळलो. सुमारे पंधरा मिनिटे ड्रमवर एकच तुकडा अखंड वाजतो आणि तरीही श्रोता उठून जात नाही, याचे तबला शिकलेल्या माणसाला नवल वाटल्याशिवाय राहत नाही. आता हे संगीत रचणाऱ्यांची आयुष्ये वाचावीत अशी इच्छा आहे. इंग्रजी वाचतो; फ्रेंच मात्र येत नाही आणि स्टाफ नोटेशनही (पाच रेघांवर लिहिली जाणारी पाश्चात्त्य स्वरलिपी) येत नाही. पानोपानी स्वरलिपीचे उतारे असलेला ग्रंथ घेऊन तो कपाटात ठेवून देण्यापेक्षा, चरित्र आणि संगीत या दोहोंची ओळख करून देणारे कोणते पुस्तक आधी घ्यावे, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर : पुण्याची एक वाचक

माझे मत विचाराल तर एकोणिसाव्या शतकातील फ्रेंच संगीतकार बेर्लिओझ याच्या आत्मचरित्रापासून सुरुवात करावी. नोटेशन येत नाही म्हणून आपण बिचकू नये. ज्याला पियानो वाजवता येत नव्हता, केवळ बासरी आणि गिटार येत होती, अशा माणसाने हे पुस्तक लिहिले आहे. वडिलांनी त्याला वैद्यकीय शिक्षणासाठी पॅरिसला पाठवले, तेथे शवविच्छेदनाची खोली पाहून तो खिडकीतून उडी मारून पळाला, आणि पुढे घरच्यांचा विरोध पत्करून संगीताकडे वळला. हा सारा भाग तो इतक्या चुरचुरीत भाषेत सांगतो की कादंबरी वाचत असल्याचा भास व्हावा. शिष्यवृत्तीवर इटलीत असताना, वाग्दत्त वधूने दुसऱ्याशी लग्न ठरवल्याचे कळताच तो पिस्तुले आणि मोलकरणीचा वेष घेऊन सूड उगवायला निघाला आणि नीस येथे भानावर आला. तेथेच त्याने ‘किंग लियर’ची ओव्हर्चर (नाटकावर बेतलेली वाद्यवृंदरचना) लिहिली. पुस्तकाचे लेखन १८४८ मध्ये लंडनमध्ये सुरू झाले आणि ते १८७० मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर, प्रकाशित झाले.

अर्थात हा लेखक स्वतःच्या आयुष्याचे नाटक करण्यात पटाईत आहे, त्यामुळे प्रत्येक शब्दावर विश्वास ठेवू नये. कोठे मीठमसाला आहे हे पाहायचे असेल, तर डेव्हिड केर्न्स यांचे दोन खंडी चरित्र (१९८९ आणि १९९९) आहे, परंतु ते सावकाश वाचण्याचे काम आहे. बेर्लिओझची १८३० ची ‘सिंफनी फांतास्तिक’ ही वाद्यवृंदरचना ऐकत आत्मचरित्राची सुरुवातीची प्रकरणे वाचल्यास अधिक आनंद मिळेल.

उत्तर : सोलापूरचा एक हार्मोनियमवादक

वरील सूचना चांगली आहे, पण ज्यांचे कान रागसंगीतावर तयार झाले आहेत त्यांना फ्रेंच संगीतकार दब्यूसी अधिक लवकर जवळचा वाटेल, असे मला वाटते. १८८९ च्या पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात त्याने जावाचे गामेलान (घंटा-झांजांसारख्या धातूच्या वाद्यांचा वृंद) ऐकले, आणि युरोपच्या स्वरमेळाच्या नियमांपलीकडे संगीताला स्वतःची शिस्त असू शकते हे त्याच्या मनाने घेतले. स्टीफन वॉल्श यांचे २०१८ चे पुस्तक रचना आणि आयुष्य यांना बरोबर घेऊन चालते. तपशिलाची भूक असेल तर फ्रान्स्वा लस्यूर यांचे चरित्र आता इंग्रजीतही उपलब्ध आहे, मात्र त्यात संगीताच्या वर्णनापेक्षा कागदपत्रांवर भर आहे. लस्यूर आणि रॉजर निकल्स यांनी निवडलेली दब्यूसीची पत्रेही जरूर पाहावीत. आपल्या संगीताला ‘इंप्रेशनिझम’ म्हणणाऱ्यांवर तो १९०८ मध्ये प्रकाशकाला लिहिलेल्या पत्रात चांगलाच उखडलेला आहे, आणि तरीही पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर इंप्रेशनिस्ट चित्रकार मोनेची चित्रे छापण्याची हौस प्रकाशकांना सुटत नाही.

राव्हेलविषयी थोडक्यात : आर्बी ओरेनस्टाइन यांचे १९७५ चे चरित्र प्रमाण मानले जाते, परंतु त्याच्या उत्तरार्धात नोटेशनचे उतारे येतात, ते आपण ओलांडून जावेत. जाँ एश्नोझ यांचे ‘राव्हेल’ हे २००६ चे छोटेखानी पुस्तक त्याच्या अखेरच्या दहा वर्षांवर आहे. ती कादंबरी आहे, चरित्र नव्हे, हे ध्यानात ठेवून वाचावे.

उत्तर : तबल्याचा एक विद्यार्थी

प्रश्नकर्त्यांनी तबला शिकल्याचे लिहिले आहे आणि तरीही विसाव्या शतकातील फ्रेंच संगीतकार मेसियाँ याचे नाव कोणी घेतले नाही, याचे मला आश्चर्य वाटते. देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात ‘संगीतरत्नाकरा’त १२० देशी ताल नोंदवले. त्यांची यादी मेसियाँला एका फ्रेंच संगीतकोशात छापलेली सापडली आणि ती त्याने आयुष्यभर वापरली. ‘कालान्तासाठी चतुष्क’ ही त्याची चार वाद्यांची रचना १५ जानेवारी १९४१ रोजी गॉर्लिट्झच्या युद्धकैद्यांच्या छावणीत प्रथम सादर झाली. तिच्या पहिल्या भागात पियानोचा लयबंध रागवर्धन, चंद्रकला आणि लक्ष्मीश या तीन तालांच्या जोडणीतून तयार होतो. त्यात १७ कालखंड आहेत आणि त्यांवर फिरणारे स्वरसंघ (कॉर्ड, म्हणजे एकाच वेळी वाजणारे स्वर) २९ आहेत. म्हणजे दोन्ही चक्रे एकाच वेळी पुन्हा आरंभाला येण्यासाठी ४९३ स्वरसंघ वाजावे लागतील, आणि तेथवर पोहोचण्यापूर्वीच तो भाग संपतो.

पीटर हिल आणि नायजेल सिमिओनी यांचे २००५ चे चरित्र त्याच्या रोजनिशींवर आधारलेले आहे. रिबेका रिशिन यांचे पुस्तक केवळ या एका रचनेवर आहे आणि ते मला विशेष वाटते, कारण लेखिकेने वादकांना व त्यांच्या नातेवाइकांना गाठून दंतकथा तपासल्या आहेत. छावणीतल्या त्या प्रयोगात चेलोला (व्हायोलिनच्या घराण्यातले मोठे वाद्य) चारऐवजी तीनच तारा होत्या, असे मेसियाँ सांगत असे. चेलोवादक पास्किए यांनी मात्र चारही तारा होत्या असे स्पष्ट सांगितले. पाच हजार श्रोते असल्याची त्याची गोष्टही छावणीतल्या त्या जागेत मावणारी नव्हती.

प्रश्नकर्ता

सर्वांचे आभार. देवगिरीचा धागा निघाल्याने मी थक्क झालो आहे. एक शंका : हे ताल कानाला ताल म्हणून ओळखू येतात का?

उत्तर : तबल्याचा एक विद्यार्थी

नाही, आणि ती अपेक्षा ठेवून ऐकू नये. मेसियाँने ते ग्रंथातून घेतले, गुरूकडून नव्हे; म्हणून त्यात ठेका नाही, सम नाही, खाली नाही. लहानमोठ्या कालखंडांची मालिका एवढेच त्याला त्यातून हवे होते. प्रत्यक्ष येथे येऊन गेलेला संगीतकार हवा असल्यास अल्बेर रूसेल पाहावा. नौदलातील नोकरी सोडून संगीतकार झालेला हा गृहस्थ १९०९ मध्ये पत्नीसह भारतात आला, आणि त्याच्या ‘एव्होकास्याँ’ या वाद्यवृंदरचनेचा पहिला भाग वेरूळच्या लेण्यांवरून सुचलेला आहे. इंग्रजीत त्याच्यावर फारसे मिळत नाही, त्यामुळे तेथे पुस्तकापेक्षा ध्वनिमुद्रणावरच भिस्त ठेवावी लागेल.

उत्तर : पुण्याची एक वाचक

बेर्लिओझ घेणार असाल तर एक सावधगिरी बाळगावी. आंतरजालावर विनामूल्य मिळणारी इंग्रजी भाषांतरे जुनी आहेत आणि १९०३ चे तर बरेच कापलेले आहे. केर्न्स यांनी १९६९ मध्ये केलेले भाषांतर पूर्ण असून त्याच्या टिपा वाचनीय आहेत; शक्य असेल तर तेच मागवावे. पुढेमागे ‘हुतात्मा एक्सप्रेस’ने पुण्याला येणे झाले, तर येथील आलियाँस फ्रान्सेज या फ्रेंच भाषा-संस्कृती केंद्रातही चौकशी करून पाहावी.