ओले ओल्सेन: डॅनिश सिनेमाचा शिल्पकार की निव्वळ धंदेवाईक?

मूकपटप्रेमी: मूकपटांवर बोलताना डॅनिश निर्माता ओले ओल्सेनला एकाने ‘जत्रेतला खेळवाला’ म्हणून मोडीत काढलं. मला ते अजिबात पटलेलं नाही, म्हणून हा धागा.

ओल्सेन 1863 चा, गरिबाघरचा. जत्रांमधून खेळ दाखवत वर आला. 1905 मध्ये त्याने कोपनहेगनला चित्रपटगृह काढलं, आणि पुढच्याच वर्षी ‘नॉर्डिस्क फिल्म’. ही कंपनी आजही चालू आहे, ध्रुवीय अस्वलाचं बोधचिन्ह अजून तेच. डेन्मार्क एवढासा देश, घरच्या प्रेक्षकांवर भागणार नाही हे त्याने लगेच ताडलं. 1908 मध्ये न्यूयॉर्कला शाखा काढली. मूकपटात मध्ये येणाऱ्या मजकुराच्या पाट्या त्या त्या भाषेत बदलल्या की तो कुठेही चालतो! रशियात शोकान्त खपतो म्हणून 1913 च्या ‘अटलांटिस’ला तिथल्यासाठी वेगळा शेवट केला. बाजाराची इतकी जाण तेव्हा किती निर्मात्यांना होती?

रानवाट: असहमत. कंपनीला पैसा कुठून मिळाला तेही लिहा की. 1907 चा त्यांचा ‘सिंहाची शिकार’ हा चित्रपट. हॅम्बुर्गहून दोन म्हातारे सिंह विकत आणले, रोस्किल्ड फ्योर्डमधल्या एल्लेओरे नावाच्या चिमुकल्या बेटावर सोडले आणि कॅमेऱ्यासमोर गोळ्या घालून मारले. जंगल वाटावं म्हणून मध्ये कोपनहेगनच्या प्राणिसंग्रहालयातली दृश्यं जोडली. डेन्मार्कचे न्यायमंत्री आल्बेर्टी यांनी बंदी घातलेली असतानाही हे झालं. मग फिल्म आधी स्वीडनमध्ये दाखवली. 259 प्रती विकल्या गेल्या. या खपावर उभ्या राहिलेल्या माणसाला शिल्पकार म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

मूकपटप्रेमी: त्या काळी शिकारीला प्रतिष्ठा होती, आजचे निकष लावू नका. आणि बंदी घालणारे आल्बेर्टी स्वतः 1908 मध्ये प्रचंड अफरातफरीत अडकले.

रानवाट: मंत्री लबाड निघाला म्हणून सिंहांना मारणं योग्य ठरत नाही. आणि आजचे निकष कसले? बंदी त्याच काळात, त्याच देशात घातली होती.

संकलक: सिंहांच्या पुढची गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. 1910 मध्ये डेन्मार्कमधल्याच आरहूस शहरातल्या ‘फोटोरामा’ या कंपनीने ‘गोऱ्या गुलामांचा व्यापार’ ही तेव्हाच्या मानाने बरीच लांब फिल्म काढली. तिला तुफान गर्दी झाली. ओल्सेनच्या कंपनीने काही महिन्यांतच त्याच नावाने, दृश्यामागून दृश्य उचलून, आपली आवृत्ती आणली. ही सरळ चोरी आहे. पण लांब कथापट परदेशात विकण्याचं धाडस आणि यंत्रणा नॉर्डिस्ककडेच होती, त्यामुळे लांब चित्रपट चालतील का हा प्रश्न युरोपभर निकालात निघायला तिचा मोठा हातभार लागला. हे श्रेय नाकारता येत नाही.

मूकपटप्रेमी: अगदी हेच म्हणतोय. कल्पना कुणाचीही असो, ती जगापर्यंत नेणं हे निर्मात्याचं काम.

रानवाट: मग फोटोरामाच्या लोकांनी काय करायचं होतं? पदरचा पैसा घालून जोखीम त्यांनी घेतली, गल्ला दुसऱ्याने भरला. नाव मात्र आज ओल्सेनचंच घेतलं जातं, या धाग्यातसुद्धा. आणि बाजाराची जाण म्हणता, तर सगळी भिस्त जर्मनीवर ठेवली होती. 1917 मध्ये ‘उफा’ ही जर्मन चित्रपट कंपनी स्थापन झाली आणि तिथला कारभार हातचा गेला. 1924 ला ओल्सेन बाजूला झाला, 1928 ला कंपनी बुडाली. आज चालू आहे ती नंतर दुसऱ्यांनी नव्याने उभी केलेली.