मुंबई-अलिबागची ज्यू ठिकाणं गाइड घेऊन पाहायची आहेत, सोबत म्हातारी माय आहे. सल्ला द्या

घाणाघर

नमस्कार मंडळी. मूर्तिजापूर तालुक्यातल्या खेड्यातून लिहितो. आमचा घरचा लाकडी घाणा आहे. आजाच्या काळात बैलावर चाले, आता मोटरवर. जवस आणि शेंगदाणा काढतो, ढेप गावातच खपते.

पोरगी अकरावीत आहे. तिनं परवा जेवताना सांगितलं की कोकणात तेल काढणारे ज्यू लोक होते, शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून गावकरी त्यांना 'शनवार तेली' म्हणत. मायचा हात ताटातच थांबला. सत्तर वर्षांत तिनं पंढरपूर आणि शेगाव सोडून कुठं नेता का म्हणून विचारलं नाही. आता रोज विचारते, "त्या शनवार तेल्याईचं गाव दाखवतं काय मले?"

बेत असा आहे. दिवाळीनंतर शुक्रवारी रात्री विदर्भ एक्स्प्रेस, शनिवारी सकाळी सीएसएमटी, दोन दिवस गाइडसोबत फिरायचं आणि रविवारी रात्री परत. गाइड घ्यावा की आपापलं पाहावं? मायला मराठीशिवाय काही समजत नाही आणि तिचे गुडघे दुखतात. बायकांना आत सोडतात का? कोणी गेलं असेल तर सांगा.

डबा_एस_सात

भाऊ, तिकीट काढलं असन त आधी ते बदला. शुक्रवारी दिवस बुडाला की त्याईचा शब्बाथ, म्हंजे सुट्टीचा पवित्र दिवस, लागते, तो शनिवारी रात्रीलोक. तेवढ्या वेळात प्रार्थना असते, पाहणाऱ्याईसाठी दार नसते, फोटोचं त नावच नोको.

मी हेच करून बसलो. शनिवारी सकाळी भायखळ्याच्या सिनेगॉगले (ज्यूईचं प्रार्थनास्थळ) गेलतो, सोबत बायको, साळी, साळ्याचे दोन पोट्टे. गाइडनं पैसे आगाऊ घेतले होते, पण शनिवार हाय हे त्याले तिथं पोचल्यावर आठवलं. आम्ही फाटकाबाहेरून घड्याळाचा मनोरा पाह्यला अन् ऊसाचा रस पिऊन परत आलो. गाइड ठरवतानी पह्यला सवाल हाच करजा, आत नेतं का बाहेरून दाखवतं?

आधारकार्ड मूळचं नेजा, झेरॉक्स चालत नाही. २००८ च्या हल्ल्यात कुलाब्याचं नरिमन हाउस, ज्यूईचं केंद्र, सापडलं, तवापासून तपासणी कडक हाय.

परळची_सून

माहेर वर्ध्याचं, अठरा वर्षं मुंबईत. दादा, तुमचा धागा वाचून बरं वाटलं, कारण यात एक घोळ होतो आणि तो कोणी आधी सांगत नाही.

मुंबईत 'ज्यू वारसा सहल' म्हणून जे दाखवतात त्यातलं बरंचसं ससून घराण्याचं असतं. ती मंडळी बगदादी. डेव्हिड ससून १८३२ साली मुंबईत आला, कापूस आणि अफूच्या व्यापारात गडगंज झाला. काळ्या घोड्याजवळचं केनेसेथ एलियाहू सिनेगॉग (१८८४, त्याच्या नातवानं, जेकब ससूननं बांधलं), भायखळ्याचं मागेन डेव्हिड, ससून लायब्ररी, ससून डॉक, सगळं त्या घरचं. बघण्यासारखं आहेच. केनेसेथ एलियाहूचं २०१९ साली डागडुजीचं काम झालं, तेव्हापासून ती निळी इमारत अशी काही उजळलीय की लोक आत न जाता रस्त्यावरच फोटो काढत उभे असतात. फक्त प्रार्थनेची जागा वर आहे आणि जिना चढावा लागतो, ते आईंच्या गुडघ्यांना विचारून ठरवा.

पण तुमचे शनवार तेली हे नव्हेत! ते बेने इस्राएल, आपल्यासारखं मराठी बोलणारे. आडनावं बघा ना : पेणकर, रोहेकर, दिवेकर, किहीमकर. ज्या गावी घाणा, त्या गावचं आडनाव. त्यांचं मुंबईतलं सगळ्यात जुनं सिनेगॉग मांडवीत, सॅम्युअल स्ट्रीटवर आहे. नाव शआर हारहमीम, म्हणजे दयेचं दार. जुनी माणसं त्याला 'जुनी मशीद' म्हणतात. सीएसएमटीहून लोकलनं पहिलंच स्टेशन, मशीद. तिथून चालत जाता येतं, मसाल्याच्या आणि सुक्या मेव्याच्या गोण्यांमधून वाट काढत. १७९६ साली सॅम्युअल इझिकेल दिवेकर यांनी ते उभारलं. ते कंपनी सरकारच्या फौजेत होते. टिपूच्या कैदेत सापडले, सुटलो तर प्रार्थनास्थळ बांधीन असं बोलले आणि सुटल्यावर बांधलं, अशी गोष्ट सांगतात. आपण नवस फेडतो तसंच की.

सहलीत हे ठिकाण बहुतेक वेळा गाळतात, कारण बस गल्लीत शिरत नाही. तुम्ही हट्ट धरा. आणि गाइड बेने इस्राएल समाजातलाच मिळाला तर बघा, मराठीचा प्रश्न आपोआप मिटेल.

बायकांना आत सोडतात. बहुतेक ठिकाणी प्रार्थनेच्या वेळी त्या वरच्या सज्जात बसतात, एरवी सगळं बघता येतं. आईंनी डोक्यावर पदर घेतला की झालं. पुरुषांनीही डोकं झाकायचं असतं, तुमची गांधी टोपी चालेल.

कापूसकोंड्या

परळच्या ताई, ससूनला इतक्या लवकर बाजूला सारू नका. १८६१ ते ६५ अमेरिकेत यादवी चालू होती, तिकडचा कापूस थांबला आणि मुंबईच्या व्यापाऱ्यांनी रग्गड कमावलं. वऱ्हाडच्या कापसाचे दिवस तेव्हाच फिरले. १८६७ मध्ये रेल्वे थेट नागपूरपर्यंत आली ती काही आपल्याला पंढरपूरला न्यायला नव्हे. त्या निळ्या भिंतींकडे बघताना आपल्या पणज्याची कापसाची बैलबंडी आठवली तर मी तरी चूक म्हणणार नाही.

अवांतर : सेवाग्रामला गेलात तर हर्मन कालेनबाखचं नाव विचारा. ज्यू वास्तुविशारद, गांधीजींचा दक्षिण आफ्रिकेतला मित्र. १९१० साली जोहान्सबर्गजवळची १,१०० एकर जमीन टॉलस्टॉय फार्मसाठी त्यानं वापरायला दिली. पुढे तो सेवाग्रामलाही येऊन राहिला होता.

थळचा_जावई

मी अकोल्याचा, सासुरवाडी अलिबागजवळ थळला. घाणाघर भाऊ, मुंबईत एकच दिवस द्या, दुसरा दिवस इकडं. आईंनी 'गाव' म्हटलंय, फोर्ट नाही.

समाजाची परंपरा अशी की फार पूर्वी एक गलबत इथल्या अलिबागजवळच्या नवगावपाशी फुटलं, सात बाया आणि सात पुरुष वाचले. समुद्रानं जे परत दिलं ते तिथंच पुरलं. नवगावला त्या दफनभूमीत स्मारकाचा खांब आहे. पुस्तकं, पोथ्या सगळं पाण्यात गेलं. राहिली ती शेमाची (देव एकच असं सांगणारी) प्रार्थना, शनिवारची सुट्टी, सुंता आणि खाण्याचे काही नियम. तेवढ्यावर ही माणसं पिढ्यान् पिढ्या घाणा हाकत राहिली.

अलिबाग गावात इस्राएल आळी आहे आणि तिथं मागेन अबोथ सिनेगॉग. खंडाळ्याला (लोणावळ्याचं नव्हे, अलिबागजवळचं) एक खडक आहे. एलियाहू हनाबी, म्हणजे त्यांचे प्रेषित, रथातून स्वर्गात गेले तेव्हा चाकाचा ठसा तिथं उमटला असं मानतात. लोक अजूनही येऊन नवस बोलतात आणि मलिदा करतात. आपल्याकडं मलिदा म्हणजे दर्ग्यावरची पोळी कुस्करून केलेला गूळ-तुपाचा. यांचा वेगळा : भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, गोड, वेलची, वर फळं. सासऱ्यांच्या मित्राकडं मी खाल्लाय. पहिला घास घेतला आणि जन्माष्टमीचा काला आठवला, पण दही नाही, त्यामुळं जीभ थोडी गोंधळते.

जायचं कसं : गेटवेच्या लाँचमध्ये चढता-उतरताना पायऱ्या ओल्या असतात, आईंना नको. भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला रो-रो बोट आहे, तासाभरात पोचते, गाडीच आत जाते. अलिबागहून रिक्षा दिवसभरासाठी ठरवा. घरं बरीचशी बंद आहेत, १९४८ नंतर बहुतेक जण इस्राएलला गेले. म्हणून सिनेगॉगची किल्ली ज्यांच्याकडं असते त्यांना आधी निरोप गेलाच पाहिजे. गाइडचा खरा उपयोग तो. इतिहास काय, मोबाइलवरही मिळतो.

घाणाघर

सगळ्यांचे आभार. तिकीट बदललं, आता शनिवारी निघून रविवारी सकाळी पोचतो, रविवार-सोमवार फिरतो. गाइड बेने इस्राएल समाजातलाच मिळाला, निवृत्त रेल्वेवाले आहेत. फोनवर माझं बोलणं ऐकून म्हणाले, "वऱ्हाडातले का?" भुसावळला नोकरी झालीय त्यांची.

डबा_एस_सात

जाऊन आले की लिहजा. नाहीत लोक सल्ला घेतात अन् गायब होतात.

घाणाघर

लिहितो भाऊ. उशीर झाला, तूर काढणी होती.

रविवारी मुंबई झाली. केनेसेथ एलियाहूचा जिना मायनं कठडा धरून एकेक पायरी चढला, वर गेल्यावर रंगीत काचांचा उजेड पाहत दहा मिनिटं बाकावर बसून राहिली. ती बसली नसती तर मी फोटो काढून निघालोच असतो. जुन्या मशिदीत मात्र तिला घरच्यासारखं वाटलं. गाइडकाकांनी दाराच्या चौकटीवरच्या छोट्या डबीला बोटं लावून ओठांना लावली. तिला मेझुझा म्हणतात, आत प्रार्थनेचा कागद असतो. मायनं न विचारता तसंच केलं. मी दचकलो, काका हसले.

सोमवारी नवगाव. दगडांवर हिब्रू आणि त्याखाली मराठी. पोरगी एकेक दगड मोठ्यानं वाचत होती, माय झाडाखाली बसून ऐकत होती. घाणा कुठं दिसला नाही. मायला तेच बघायचं होतं, त्यामुळं जरा हिरमुसली. मग तिनं काकांना विचारलं, "शनवारी मानूस बसे, पन बैल?" काका म्हणाले, आज्ञेत बैलाचं नाव लिहिलेलंच आहे. तू काम करू नको, तुझा चाकर नको, तुझा बैल नको.

माय बराच वेळ बोलली नाही. बोटीत बसल्यावर म्हणे, "आपल्या बैलाले सालातून एक पोळा. त्याईच्या बैलाले हप्त्याले."

खर्चाचं म्हणाल तर गाइडपेक्षा अलिबागची रिक्षा महाग पडली. आधी भाव ठरवा.

परळची_सून

दादा, आता आईंना पुण्याचं लाल देऊळ दाखवा. ओहेल डेव्हिड सिनेगॉग, लाल विटांचं, १८६७ चं, आवारातच डेव्हिड ससूनची समाधी. तिथंही आधी परवानगी लागते.

डबा_एस_सात

मंग आता घाणा शनिवारी बंद ठेवता काय?

घाणाघर

मी म्हटलं मायला, ठेवू. ती म्हणे, मोटरले कायची सुट्टी.