हंपीला गाईडसोबत सायकल टूर करावी का? सोबत आई (६३) आणि मुलगा (१२)

निवांत_चाक
नमस्कार मंडळी. डिसेंबरच्या शेवटी तीन दिवस हंपीला जातोय, होस्पेटला उतरून पुढे. कार किंवा रिक्षाने 'पॉइंट' करत फिरायचं नाहीये, एवढं घरात एकमताने ठरलंय (आमच्या घरात एकमत म्हणजे काय चीज आहे ते मलाच माहीत). तर सायकल. आता प्रश्न असा की सकाळी अर्धा दिवस गाईड सायकलवरून सगळ्यांना घेऊन फिरवतो तशी टूर घ्यावी, का आपल्याआपण सायकली भाड्याने घेऊन निघावं?

आई झेडपीच्या शाळेत शिक्षिका होती, वीस वर्षं रोज सायकलने शाळेत गेली, पण रिटायर झाल्यापासून सायकलला हात लावलेला नाही. तिला विचारलं जमेल का तर म्हणे सायकल काय कोणी विसरतं का. गुडघे बरे आहेत, दम लागतो थोडा. मुलगा सुसाट आहे पण इतिहास म्हटला की त्याचा चेहरा उतरतो. शिवाय मला नुसती देवळं नाही, आजूबाजूची गावं, शेतं पण बघायचीयेत, तुंगभद्रा नदीपलीकडे आनेगुंदी वगैरे. होडीत सायकल घेतात का? आणि आईला विठ्ठल मंदिर बघायचंच आहे, तिच्यासाठी ट्रिपचं कारणच ते.

रानवाट
आम्ही दोन वर्षांपूर्वी जानेवारीत केलं, दोन्ही प्रकारे, त्यामुळे लिहितो. पहिल्या दिवशी गाईड घ्या. देवळं दाखवायला नाही हो, देवळं काय, पाटी वाचून पण कळतात. गाईडचा खरा उपयोग पाण्यासाठी झाला. म्हणजे असं की आम्ही बडवीलिंगापाशी थांबलो, ते तीन मीटर उंच शिवलिंग कायम पाण्यात उभं असतं, मी आपला भाविकपणे हात जोडून पुढे निघालो तर गाईड म्हणाला थांबा, हे पाणी कुठून येतं ते बघा. आणि तो आम्हाला मागच्या कालव्यावर घेऊन गेला, विजयनगरच्या काळातला कालवा, अजून वाहता, आणि त्याच पाण्यावर आजूबाजूला केळीच्या बागा, ऊस, भात. मग तो कालव्याच्या कडेच्या पायवाटेने सायकली घेऊन निघाला, दोन्हीकडे केळी, मधेच एखादी बाई धुणं धुतेय, मधेच केळीत अर्धा बुडालेला मंडप. ही वाट आम्हाला स्वतःहून कधीच सापडली नसती, आणि कारवाल्यांना तर ती असते हेच माहीत नसतं.

बाकी रूट साधारण असा होता: सकाळी सातला हंपी बाजारातून निघून कडलेकाळू आणि ससिवेकाळू गणपती, कृष्ण मंदिर (उदयगिरीच्या मोहिमेनंतर कृष्णदेवरायाने बांधलं, तिथून आणलेली बाळकृष्णाची मूर्ती आता चेन्नईच्या म्युझियममध्ये आहे), मग उग्र नरसिंह, बडवीलिंग, जमिनीखालचं शिवमंदिर, आणि कमल महाल, हत्तीशाळा. सगळं मिळून बाराएक किलोमीटर, पण थांबत थांबत, त्यामुळे आई दमणार नाहीत. नरसिंहापाशी मुलाला एक सांगा, मूर्ती पावणेसात मीटर उंच, १५२८ ची, मांडीवरची लक्ष्मी फोडली गेली पण तिचा हात अजून नरसिंहाच्या पाठीवर आहे, तो शोधायला लावा. आमच्या मुलीने शोधला आणि मग पुढे प्रत्येक ठिकाणी 'इथे काय शोधायचं' विचारत राहिली. राजवाड्याच्या भागात पायऱ्यापायऱ्यांची काळ्या दगडाची पुष्करणी आहे, तिच्या दगडांवर कारागिरांच्या खुणा कोरल्यात, कुठला दगड कुठे बसवायचा ते कळण्यासाठी. बारा वर्षांच्या मुलाला हे लगेच पटतं, जोडखेळच की तो. तिथेच खांबांवरून गेलेली दगडी पन्हळ पण बघा, पाणी पुष्करणीत कसं यायचं ते समोर दिसतं.

खडूस_भटक्या
रानवाट यांना चांगला गाईड मिळाला, नशीब. आम्हाला मिळाला त्याने प्रत्येक दगडी चौथऱ्यावर 'इथे राणी बसून नाच बघायची' एवढंच सांगितलं, पाचव्यांदा बायको म्हणाली राणीला दुसरं काही काम नव्हतं का. वर ग्रुपमध्ये दहा जण, त्यातले दोघं पायडल मारण्यापेक्षा फोटो जास्त काढणारे, त्यामुळे अकरा वाजले उन्हात. हंपीला सगळीकडे ग्रॅनाइटचे खडक, ते एकदा तापले की डिसेंबर असो की काय असो, चारी बाजूंनी तव्यावर ठेवल्यासारखं वाटतं. गाईड घेणारच असाल तर फक्त तुमच्या तिघांसाठी घ्या आणि आदल्या संध्याकाळी दहा मिनिटं त्याच्याशी बोला. 'कालवे दाखवणार का' एवढं विचारा. तो गडबडला तर दुसरा शोधा.

सायकलीपण आदल्या दिवशीच बघून ठेवा. भाड्याच्या सायकली बहुतेक बिनगिअरच्या, ब्रेक नावालाच. बाजारातून कृष्ण मंदिराकडे जाताना हेमकूट टेकडीच्या बाजूचा चढ आहे, आईंना तिथे उतरून चालायला सांगा, आणि परत येताना त्याच उतारावर ब्रेक लागले पाहिजेत, तिथेच कळतं सायकलवाल्याने काय दिलंय ते. बाभळीचे काटे भरपूर, पंक्चर धरूनच चाला.

आणि एक महत्त्वाचं. मॅप बघून विरूपाक्ष मंदिराकडून नदीकाठाने विठ्ठल मंदिराकडे सायकलने जायचा विचार करू नका. मॅपवर दोनच किलोमीटर दिसतं, पण वाट खडकांतून आणि पायऱ्यांवरून जाते. मी गेलो होतो. अर्धा रस्ता सायकल माझ्यावर बसून आली. रस्त्याने कमलापूरकडून वळसा दहाएक किलोमीटरचा पडतो पण तोच घ्या.

तुंगाकाठची
माझं सासर गंगावतीचं, त्यामुळे नदीपलीकडचं मी सांगते, इकडे लोक येतच नाहीत आणि आले तर अंजनाद्री टेकडीच्या पायऱ्या (पावणेसहाशेच्या आसपास आहेत) चढून माकडांना केळी देऊन परत जातात.

होडीत सायकल घेतात. तळवारघट्टाकडून पलीकडे यायला होड्या आहेत, टोपलीसारख्या गोल हरिगोलुपण असतात. होडीवाला सांगेल तिथे बसायचं, मुलाला उभं राहून फोटो काढू देऊ नका. संध्याकाळी होड्या लवकर बंद होतात आणि धरणातून पाणी सोडलं की दिवसभरसुद्धा बंद असतात, त्यामुळे सकाळी पहिलं काम म्हणजे होडी चालू आहे का ते विचारणं. बंद असली तरी अडत नाही, बुक्कसागरकडून पूल आहे, फक्त लांबचा वळसा पडतो.

आनेगुंदी हे हंपीच्या आधीचं गाव बरं का, आणि अजून नांदतं गाव. हंपीत तुम्ही अवशेष बघता, इथे जुन्या वेशीतून म्हशी घरी येतात. गगन महाल, रंगनाथाचं देऊळ, आणि नदीकाठी चौसष्ट खांबांचा मंडप. बायका केळीच्या सोपापासून दोर काढून पिशव्या, चटया विणतात, ते बघण्यासारखं आहे. पण दारात उभं राहून मोबाईल रोखू नका, आधी 'अक्का' म्हणून हाक मारा, दोन शब्द बोला, मग त्या स्वतःच दाखवतात. आमच्या सासूबाई म्हणतात, टूरवाले येतात आणि आम्ही माकडं असल्यासारखे बघून जातात. या बाबतीत गाईड गावातलाच असला तर फार फरक पडतो, तो कोणाच्या घरी काय चाललंय ते ओळखून असतो, उगाच कुठेही घुसवत नाही.

अजून एक, डिसेंबरमध्ये भाताची काढणी झालेली असते आणि इकडे लोक रस्त्याच्या अर्ध्या भागावर भात वाळत घालतात. त्यावरून सायकल नेऊ नका, बाजूने जा. मुलाला मजा वाटेल त्यावरून जायला, पण ते कोणाचं तरी वर्षाचं धान्य आहे. शेतांतले रस्ते सपाट आहेत, तुमच्या आईंना हंपीपेक्षा इकडेच जास्त सोपं जाईल.

निवांत_चाक
बापरे, किती सविस्तर, धन्यवाद सगळ्यांना. म्हणजे पहिला दिवस गाईड आणि कालवे, दुसरा दिवस आनेगुंदी गावातल्याच कोणासोबत. विठ्ठल मंदिर मग तिसऱ्या दिवशी? आईने इथलं सगळं वाचलं आणि म्हणाली ते ठीक आहे पण विठ्ठलाचं कोणी काहीच लिहिलं नाही.

पारावरचा
मग मी लिहितो. आधी कामाचं: विठ्ठल मंदिर, कमल महालाचा भाग आणि कमलापूरचं म्युझियम या तिन्हींना एकच तिकीट चालतं, पण त्याच दिवशी. त्यामुळे पहिल्या दिवशी गाईडसोबत कमल महाल आणि तिसऱ्या दिवशी विठ्ठल केलं तर दोनदा तिकीट. ४० रुपयांचा प्रश्न आहे, फार नाही, पण म्युझियम शुक्रवारी बंद असतं ते लक्षात ठेवा. तिथे अख्ख्या हंपीची प्रतिकृती आहे, डोंगर, नदी, देवळं सगळी, मुलाला सुरुवातीलाच दाखवली तर पुढे तोच तुम्हाला रस्ता सांगेल. विठ्ठल मंदिराच्या अलीकडे साधारण एक किलोमीटरवर गाड्या थांबतात, आम्हाला सायकलीपण तिथेच ठेवायला सांगितल्या. पुढे बॅटरीवाली गाडी आहे किंवा चालत. चालतच जा, डाव्या-उजव्या बाजूला जुन्या बाजाराच्या खांबांच्या रांगा लागतात.

आता आईंसाठी. गाभारा रिकामा आहे. हे आधीच सांगून ठेवा, कारण माझी आजी तिथे जाऊन थबकली होती आणि बराच वेळ काही बोलली नाही. आपल्याकडे सांगतात ती कथा त्यांना माहीत असेलच, कृष्णदेवरायाने पंढरपूरची मूर्ती विजयनगरला नेली आणि एकनाथांचे पणजोबा भानुदास यांनी ती परत आणली. तिथले गाईड हीच कथा थोडी वेगळी सांगतात, की देवालाच हे मंदिर फार भव्य वाटलं म्हणून तो आपल्या साध्या घरी परत गेला. कुठली खरी या वादात पडू नका, रथासमोर उभं राहून दोन्ही ऐका. आणि तो दगडी रथ म्हणजे खरं तर गरुडाचं देऊळ आहे, विठ्ठलासमोर गरुड. त्याच्यावर पूर्वी विटांचं शिखर होतं, १८५६ च्या जुन्या फोटोत ते दिसतं, नंतर ते काढलं. ५० च्या नोटेवरचा रथ त्यामुळे बिनशिखराचा आहे, मुलाला नोट हातात देऊन उभं करा. आणि सूर निघणाऱ्या खांबांना हात लावू देत नाहीत, कोणी गाईड गुपचूप वाजवून दाखवतो म्हणाला तर नको म्हणा.

शेवटच्या गाडीची वाट बघत बसलो होतो तेव्हा आजी एवढंच म्हणाली, एवढं मोठं घर बांधलं आणि पाहुणा राहिलाच नाही.

खडूस_भटक्या
पारावरचा, हे छान लिहिलंत. विठ्ठल मंदिर दुपारी करू नका एवढंच जोडतो. आणि निवांत_चाक, पहिल्या दिवशी आठ-दहा किलोमीटरच्या वर जाऊ नका, सायकल विसरत नाही हे बरोबर, पण सीटवर बसणं शरीर विसरतं. निघायच्या आधी महिनाभर आईंना रोज अर्धा तास चालवायला लावा.

निवांत_चाक
लावलं. शेजाऱ्यांची लेडीज सायकल मागून आणली, आजचा तिसरा दिवस, काल वळणावर भाजीवाल्याला घंटी वाजवून बाजूला केलं म्हणे. तर ठरलं असं: पहिला दिवस म्युझियम, गाईड, कालवे आणि संध्याकाळी विठ्ठल, सगळं एका तिकिटात. दमलो तर विठ्ठल तिसऱ्या दिवशी, तिकीट पुन्हा काढू. दुसरा दिवस पूर्ण आनेगुंदी.

आईचा एकच प्रश्न उरलाय, भाड्याच्या सायकलला मागे कॅरिअर असतं का? तिला पिशवी लागते.

तुंगाकाठची
कॅरिअरचा भरवसा नाही, कधीकधी पुढे बास्केट असतं. दोरी घेऊन या. नाहीतर आनेगुंदीत केळीच्या सोपाची मिळेल, ती जास्त टिकते.