ससून डॉकवाले ससून म्हणजे आपले शनिवार तेलीच का?

नागावचा_बाळ्या: मंडळी एक शंका आहे. आमचे आजोबा होडीतनं म्हावरं घेऊन ससून डॉकला जायचे आणि कायम सांगायचे की तो डॉक आपल्याकडच्या तेल्यांनी बांधला, म्हणजे अलिबागला इस्रायल आळीत राहायचे त्यांच्यातल्याच कुणीतरी. परवा गणपतीत चुलत भावाशी यावरून जुंपली, तो म्हणतो ससून इराकचा. खरं काय?

चौलचा_मास्तर: बाळ्या, यहुदी एवढं आजोबांचं बरोबर, बाकी भाऊ जिंकला. आपल्याकडचे ते बेने इस्रायल. नवगावला जहाज फुटलं आणि सात जोडपी वाचली असं ते स्वतः सांगतात. तेलाचे घाणे चालवायचे पण शनिवारी घाणा बंद, म्हणून शनिवार तेली. आडनावं बघ, रोहेकर, पेणकर, दिवेकर, आणि घरात मराठीच. डेव्हिड ससून जन्मले १७९२ साली बगदादला, वडील तिथल्या पाशाच्या खजिन्याचे कारभारी, म्हणजे खानदानी घर. पण पुढे दाऊद पाशाने यहुद्यांचा छळ मांडला तेव्हा सगळं सोडून इराणात बुशहरला पळाले आणि १८३२ च्या सुमारास बायकापोरांसकट मुंबईत. चाळिशीत नव्याने सुरुवात! आणि हो, डॉक त्यांनी बांधलाच नाही, ते १८६४ ला वारले. डॉक १८७५ चा, थोरला मुलगा अब्दुल्ला उर्फ अल्बर्ट, त्याचं काम ते. तेही कापसाच्या धंद्यासाठी, आपली पापलेटं नंतर आली :)

मुरुडची_माहेरवाशीण: मी लग्न होऊन पुण्यात आले तर इथे पण ससूनच! पहिलं बाळंतपण ससून हॉस्पिटललाच झालं माझं. डेव्हिड ससूनच्याच देणगीतनं उभं राहिलं, पण १८६७ ला सुरू झालं म्हणजे त्यांना बघायला मिळालं नाही. कॅम्पातल्या लाल देवळाच्या, म्हणजे यहुद्यांच्या प्रार्थनास्थळाच्या आवारात त्यांची कबर आहे. रिक्षावाल्याला सिनेगॉग म्हटलं की तो आपल्याकडेच बघत बसतो, लाल देऊळ म्हणायचं. मुंबईत भायखळ्याचं सिनेगॉग त्यांचंच, काळा घोड्याची लायब्ररी पण त्यांच्याच नावाची.

खाडीपलीकडचा: सगळे दानाचंच बोलताय, पैसा आला कुठून ते पण सांगा की. अफू! माळव्याची अफू मुंबईतनं चीनला, त्यासाठी मुलगा इलियासला १८४४ मधे तिकडे पाठवलेला. कापसाचं पण होतंच, अमेरिकेतल्या यादवीत मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला तेव्हा यांचीही चांदी झाली. आणि आपल्या बेने इस्रायलांना हे बगदादी लोक जरा लांबच ठेवायचे, कबरस्तानात मधे भिंत घाला अशी मागणी केलेली त्यांनी, पुढारी हेच ससून.

चौलचा_मास्तर: भिंतीचं खरं आहे, मान्य. अफूचा धंदा मात्र तेव्हा सरकारमान्य होता, ईस्ट इंडिया कंपनी स्वतः त्यातनं कमवायची आणि मुंबईतले बाकीचे बडे शेठ काय वेगळं करत होते. म्हणून तो चांगला ठरत नाही, पण एकट्या ससूनला कशाला धरता.

खाडीपलीकडचा: एकट्याला नाही धरत हो मास्तर, पण बोर्डावर नाव एकट्याचंच आहे ना.

नागावचा_बाळ्या: बापरे, एवढं निघेल वाटलं नव्हतं. भावाला थाळी देणं लागतो आता. आजोबा नव्वदीचे आहेत, त्यांना काय सांगत नाही, डॉक तेल्यांचाच राहू दे.