'रेयांश' या नावाचा अर्थ आणि उगम काय? बारशापूर्वी सल्ला हवा

नवखा बाप
नमस्कार. आमच्या घरी तीन आठवड्यांपूर्वी मुलगा झाला. बाराव्या दिवशी बारसे करायचे राहून गेले, कारण बाळाची आत्या परगावी असते आणि तिच्यावाचून बाळाला पाळण्यात घालायचे नाही, असा माझ्या आईचा आग्रह आहे. आता येत्या रविवारचा मुहूर्त धरला आहे. बाळाचा जन्म स्वाती नक्षत्राच्या दुसऱ्या चरणावर झाल्यामुळे 'रे' हे अक्षर आले असून पत्नीने 'रेयांश' हे नाव पसंत केले आहे. नावांच्या संकेतस्थळांवर याचे 'सूर्याचा पहिला किरण' आणि 'विष्णूचा अंश' असे दोन अर्थ दिसतात; परंतु हे दोन्ही अर्थ एकाच शब्दातून कसे निघतात, हे मला उमगत नाही, आणि पत्रिका छापायला टाकण्यापूर्वी मला वडिलांच्या याच प्रश्नाला उत्तर द्यायचे आहे. माझ्या अटी तीनच आहेत: आरंभी 'रे' असावे, तीनपेक्षा अधिक अक्षरे नसावीत, आणि शक्यतो नवी नावे न सुचवता याच नावाविषयी माहिती द्यावी.

ठाणेकर आई
माझ्या मुलाचे नाव रेयांशच आहे आणि तो आता सहा वर्षांचा आहे. अर्थ सूर्याचा पहिला किरण हाच असून आम्ही तो पत्रिकेवर सोनेरी अक्षरांत छापला होता. एकाही पाहुण्याने शंका काढली नाही. नाव ठेवताना इंग्रजी स्पेलिंगमध्ये 'ए' दोनदा घ्यावा, म्हणजे अंकशास्त्राप्रमाणे बेरीज चांगली येते. आम्ही तसेच केले आणि मुलगा अत्यंत हुशार निघाला आहे. त्याच्या वर्गात आणखी दोन रेयांश आहेत, परंतु त्यांच्या स्पेलिंगमध्ये एकच 'ए' असल्यामुळे फारसा घोटाळा होत नाही.

अण्णा निवृत्त
माझ्या आजोबांचे नाव धोंडू होते. त्यांच्या आधीची भावंडे जगली नाहीत म्हणून देवाने आणि काळाने याच्याकडे दुर्लक्ष करावे, या हेतूने ते ठेवले होते. नावाचा अर्थ साऱ्या गावाला ठाऊक होता आणि कारणही ठाऊक होते. आज मात्र नाव आधी ठेवायचे आणि अर्थ मागाहून शोधत हिंडायचे, असा उलटा प्रकार दिसतो. माझ्या नातवाचे नाव आम्ही 'समर्थ' ठेवले आहे. आपणही त्याचा विचार करावा.

शब्दवेडा
प्रश्न अर्थाचा आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. 'रेयांश' या शब्दाचा विग्रह करायचा तर 'रेय + अंश' असा करावा लागेल, आणि मी चाळलेल्या संस्कृत कोशांत 'रेय' हा शब्द मला आढळला नाही. त्याच्या जवळ जाणारा खरा शब्द म्हणजे 'रयि', अर्थात धन, वैभव. ऋग्वेदाच्या पहिल्याच सूक्तातील तिसऱ्या ऋचेत 'अग्निना रयिमश्नवत्' असे म्हटले आहे. परंतु 'रयि' आणि 'अंश' यांचा संधी केला, तर इकाराचा यकार होऊन 'रय्यंश' असे रूप होते. धन याच अर्थाचा 'रै' हा शब्द घेतला, तर ऐकाराचा 'आय्' होऊन 'रायंश' असे रूप मिळते. रेयांश मात्र कोणत्याही वाटेने सिद्ध होत नाही.

आता 'किरण' कुठून आला, याविषयी माझा अंदाज सांगतो. संस्कृतात 'अंश' म्हणजे भाग आणि 'अंशु' म्हणजे किरण. हिमांशु आणि सुधांशु ही चंद्राची नावे 'अंशु'पासून झाली आहेत, तर रुद्रांश आणि देवांश यांत 'अंश' आहे. नावांच्या याद्या तयार करणाऱ्यांनी हे दोन शब्द एकमेकांत मिसळले असावेत, किंवा मग त्यांनी इंग्रजी 'रे' म्हणजे किरण आणि त्याला संस्कृत 'अंश' असा संकर केला असावा. विहान, विवान आणि रेयांश या तिन्ही नावांपुढे पहाटेचा नाहीतर सूर्याचा पहिला किरण हाच अर्थ लिहिलेला मी पाहिला आहे. सूर्याला पहिले किरण असतात तरी किती? 'विष्णूचा अंश' या अर्थाला तर नावात टेकायलाही जागा नाही.

ठाणेकर आई
आपण म्हणता तसे असेलही, परंतु शेकडो संकेतस्थळांवर एकच अर्थ दिला असेल, तर तो सर्वांनी चुकीचाच लिहिला असेल का?

शब्दवेडा
ताई, ती सर्व एकमेकांचे पाहून लिहितात.

सोलापूरची चटणी
'रे' अक्षरावरून एवढी चर्चा चालली आहे, परंतु आमच्या भागात या अक्षरावर पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले नाव आहे, ते म्हणजे रेवण. नवनाथांतील रेवणनाथ प्रसिद्ध आहेत आणि सांगली जिल्ह्यात विट्याजवळ रेणावी येथे रेवणसिद्धांचे देवस्थान आहे. माझ्या चुलत्यांचे नाव रेवणसिद्ध, शेजाऱ्यांचे रेवप्पा आणि मित्राचे नुसते रेवण. यांपैकी कुणालाही आपल्या नावाचा अर्थ महाजालावर शोधावा लागला नाही. नावे सुचवू नका असे आपण म्हटले आहे हे मी वाचले, तरीही सांगितल्यावाचून राहवले नाही.

पंचांगप्रेमी
वर कुणी लक्षात घेतलेले दिसत नाही, की रेयांश हे नाव एवढे पसरण्यात अवकहडा चक्राचाही, म्हणजे नक्षत्राच्या चरणावरून नावाचे आद्याक्षर ठरवणाऱ्या कोष्टकाचाही, वाटा असला पाहिजे. चित्रा नक्षत्राची अक्षरे पे, पो, रा, री आणि स्वातीची रू, रे, रो, ता. 'रा'वर नावांचा सुकाळ आहे, मात्र 'रे'वर मुलांची नावे मोजकीच आहेत. त्यामुळे दुसऱ्या चरणावर जन्मलेल्या मुलाचे आईवडील याद्या चाळता चाळता त्याच एका नावापाशी येऊन थांबतात.

खरे पाहता नक्षत्रावरून नाव ठेवण्याची जुनी रीत अक्षराची नव्हतीच. पाणिनीच्या अष्टाध्यायीत चौथ्या अध्यायात एक सूत्र आहे (4.3.34), त्यानुसार स्वाती नक्षत्रावर जन्मलेल्याला 'स्वाति' असेच म्हणत, म्हणजे ते पुरुषाचेही नाव होते. पुराणांतील आंध्र राजांच्या, म्हणजे आपल्या सातवाहनांच्या, वंशावळीत स्वाति, मेघस्वाति आणि स्कंदस्वाति ही नावे येतात. त्रावणकोरचे संगीतज्ञ राजे स्वाति तिरुनाळ (1813–1846) यांचे नावही जन्मनक्षत्रावरूनच पडले.

अण्णा निवृत्त
म्हणजे मुलाचे नाव स्वाती ठेवावे, असा आपला सल्ला आहे काय? शाळेत त्या पोराचे काय होईल, याचा विचार करावा. त्यापेक्षा समर्थ उत्तम.

पंचांगप्रेमी
मी सल्ला दिला नाही, माहिती दिली. नवख्या बापाने माहितीच मागितली होती, समर्थ मागितला नव्हता.

बर्फातली मराठी
आम्ही न्यू जर्सीला असतो आणि माझ्या भाच्याचे नाव रेयांश आहे. येथील शिक्षक त्याला 'रायन' म्हणतात आणि तोही ओ देतो, त्यामुळे नाव परदेशात सोपे जाते हा समज काढून टाकावा. दुसरी गोष्ट मला इथे आल्यावर जाणवली. मराठीत वंश, अंश, संशय या शब्दांतील अनुस्वार आपण 'न' असा उच्चारत नाही, तो सानुनासिक वकारासारखा होतो. हिंदीभाषक मात्र स्वच्छ 'अन्श' म्हणतात आणि इंग्रजी स्पेलिंगमध्येही 'एन'च असतो. परिणामी आजी एक नाव उच्चारते आणि मूल स्वतःचे दुसरेच नाव सांगते. आमच्याकडे तर यावरून आजी आणि नातू यांच्यात रीतसर वाद होतो, आणि नातू जिंकतो.

सोलापूरची चटणी
उच्चाराचा विषय निघालाच आहे, तर हाक मारून पाहिली आहे का? आपल्याकडे मुलाला हाक मारताना आधी 'अरे' येतेच. 'अरे रेयांश' असे दोन-तीनदा घाईने म्हणून पाहावे. 'अरेरे, यांश' असे ऐकू येते आणि शेजारी काय झाले म्हणून विचारायला येतात. 'अरे रेवण' म्हटले तरी तीच अडचण येते, हे मान्य करतो, परंतु आम्ही 'रेवण्या' म्हणतो.

कारकुनी खाक्या
सगळे अर्थावर बोलत आहेत, मी कागदावर बोलतो, कारण त्यात मी पोळलो आहे. माझ्या मुलाचे नाव मराठीत रेयांश आणि इंग्रजीत 'एन' गाळून नोंदले गेले. रुग्णालयातील खिडकीवर मी घाईत सही केली आणि ती दुरुस्त करून घेण्यासाठी पुढे पाच खेपा झाल्या. त्यामुळे दोन्ही लिप्यांतील अक्षरे स्वतः लिहून द्यावीत आणि छापील प्रत पाहिल्याखेरीज सही करू नये.

रविवारची घाई बारशाला आहे, नोंदणीला नाही. जन्माची खबर 21 दिवसांत द्यावी लागते, परंतु ती बाळाच्या नावाशिवायही देता येते. नाव नंतर बारा महिन्यांच्या आत विनाशुल्क आणि त्यापुढे विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत नोंदवता येते. मात्र 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांच्या बाबतीत शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत जन्माचा दाखला हाच जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा आहे, म्हणून त्यावर जे नाव चढेल ते विचारपूर्वकच चढवावे. महाराष्ट्रात 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांची नावे शासकीय कागदपत्रांत बाळाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव अशा क्रमाने लिहायची आहेत, हेही ध्यानात घ्यावे. रेयांशनंतर आईचे नाव येणार, तेव्हा दोन्ही एकत्र म्हणून पाहावीत.

ठाणेकर आई
दोनदा 'ए' घेतला असता तर आपल्या बाबतीत असे झाले नसते.

कारकुनी खाक्या
ताई, माझा 'एन' हरवला होता.

शब्दवेडा
नाव कसे असावे याचे निकषच पाहायचे असतील, तर पतंजलींच्या महाभाष्यात आरंभीच ते दिले आहेत. व्याकरण का शिकावे याची प्रयोजने सांगताना ते याज्ञिकांचे वचन उद्धृत करतात: दहाव्या दिवसानंतर मुलाचे नाव ठेवावे, आरंभी घोष वर्ण, म्हणजे ज्याच्या उच्चारात कंठात कंप होतो असा वर्ण, असावा, मध्ये अंतःस्थ म्हणजे य, र, ल, व यांपैकी वर्ण असावा, पहिला स्वर वृद्धीचा म्हणजे आ, ऐ, औ यांपैकी नसावा, नावाने तीन पिढ्यांतील पूर्वजांचे स्मरण व्हावे, आणि ते दोन किंवा चार अक्षरांचे असावे. नाव कृदन्त म्हणजे धातूला प्रत्यय लागून झालेले असावे, तद्धितान्त म्हणजे नामाला प्रत्यय लागून झालेले नसावे, असेही त्यात आहे, आणि हा भेद व्याकरणावाचून कळणार नाही, म्हणून व्याकरण शिकावे, असे त्यांचे म्हणणे आहे. रेयांशची तीन अक्षरे होतात, तेव्हा तो इथेही नापास होतो.

पंचांगप्रेमी
अर्धेच तपासून निकाल देऊ नये. आरंभीचा 'र' घोष आहे, मध्ये 'य' हा अंतःस्थ आहे आणि पहिला स्वर 'ए' असल्यामुळे तो वृद्धीचा नाही. म्हणजे तीन निकषांत रेयांश उत्तीर्ण होतो. उलट 'राम' या नावाचा पहिला स्वर 'आ' असल्यामुळे वसिष्ठांनी ठेवलेले नावच या नियमात बसत नाही! आणि तीन अक्षरे चालत नसतील, तर गणेश, मुकुंद, विठ्ठल, शिवाजी या नावांचे काय करायचे?

अण्णा निवृत्त
समर्थ हेही तीन अक्षरांचेच आहे, आणि नातू उत्तम आहे.

शब्दवेडा
पंचांगप्रेमींचा मुद्दा मला मान्य करावा लागेल. वृद्धीचा नियम लावून पाहायचे माझ्याकडून राहिले. तरीही नवख्या बापाला माझे शेवटचे सांगणे असे, की 'रे' आणि तीन अक्षरे या दोन्ही अटी पाळणारे, पुराणांत असलेले आणि सूर्याशी खरोखर नाते असलेले नाव हवे असेल, तर ते 'रेवंत' आहे. रेवंत हा सूर्य आणि संज्ञा यांचा पुत्र, अश्विनीकुमारांचा भाऊ, आणि मार्कंडेय पुराणाप्रमाणे तो घोड्यावर स्वार होऊनच जन्माला आला. नावामागे वेदातील 'रेवत्' म्हणजे धनवान हा शब्द असून त्याचे मूळ रयि हेच आहे. नुसते 'अंश' हवे असेल, तर तेही स्वतंत्र नाव आहे, कारण ऋग्वेदाच्या दुसऱ्या मंडलात मित्र, अर्यमा, भग, वरुण, दक्ष यांच्याबरोबर अंश या आदित्याचा उल्लेख येतो. मात्र त्यात 'रे' येत नाही.

बर्फातली मराठी
रेवंत सुरेख आहे, आणि त्यात अनुस्वाराचा उच्चार 'न'च होतो, त्यामुळे आजी आणि नातू यांचे एकमत राहील.

नवखा बाप
सर्वांचे मनापासून आभार. सर्व उत्तरे काल रात्री घरात मोठ्याने वाचून दाखवली. वडिलांना रेवंत फार आवडले, त्यांनी रयि आणि रै यांचे दोन्ही संधी वहीत उतरवून घेतले. आईला रेवण आवडले, कारण तिचे माहेर त्या बाजूचे आहे. बाळाच्या आत्याने मात्र दूरध्वनीवर स्पष्ट सांगितले, की तिने चांदीच्या वाटीवर नाव कोरून घेतले आहे आणि सराफ वाटी परत घेणार नाही. पत्नीचे म्हणणे असे, की नऊ महिने तिने पोटातल्या बाळाला याच नावाने हाक मारली आहे, मग कोशात ते असो वा नसो. यावर वडील काही बोलले नाहीत, आणि माझ्यापाशीही उत्तर नव्हते.

तेव्हा नाव रेयांशच ठेवत आहोत. पत्रिकेवरची 'सूर्याचा पहिला किरण' ही ओळ तेवढी काढून टाकली. इंग्रजी स्पेलिंगमध्ये 'ए' एकदाच आणि 'एन' निश्चित घेणार आहोत, आणि नगरपालिकेत सही मी स्वतः चष्मा लावून करणार आहे. 'अरे रेयांश' हे आईने आजपासूनच म्हणून पाहिले आणि ती इतकी हसली, की बाळ जागे झाले. ती त्याला 'रेयू' म्हणणार आहे.

शब्दवेडा
अभिनंदन. बाळाला आशीर्वाद. वडिलांना सांगावे, की संधी उतरवताना 'रय्यंश'मध्ये दोन यकार आहेत.

अण्णा निवृत्त
अभिनंदन. पुढच्या वेळी वाटी कोरण्यापूर्वी विचारावे.